बायका कोहळा फोडत नाहीत

“कयल, केस रद्द झाली तुझी. म्हैसूरपाक घेऊन ये,” एवढंच माझ्या वकील तेनमोळी मॅडम बोलल्या आणि फोन गेला. हायकोर्टाच्या त्या लाल इमारतीत वकील बोलता बोलता कुठल्यातरी खांबाआड गेला की फोन असाच जातो. माझ्या बोटांत दहीभाताचा घास होता आणि समोर माझी लेक इनिया तोंड उघडून बसली होती. मी घास तसाच धरून राहिले. तिनं तोंड मिटलं, पुन्हा उघडलं, मग माझ्या हाताकडे बघितलं, हा हात कुणाचा असं. रद्द झाली. तुझी. माझ्या नावाच्या केसेस दोन. एकीत मी फिर्यादी, दुसरीत मी आरोपी. समोरच्या घरातल्या दुरैपांडीनं पाण्याच्या लॉरीपाशी माझं डावं मनगट मोडलं, ती माझी फिर्याद. त्यानंतर त्यानं माझ्यावर जी घातली ती दुसरी. दोन्ही माझ्याच, आणि माझी म्हणताना जीभ नेहमी पहिलीकडे वळते. म्हणून मला वाटलं तीच गेली. आणि असं वाटल्याबरोबर अंगातून काहीतरी उतरून गेल्यासारखं हलकं झालं. अंगावर घेतलेलं मूल झोपल्यावर अलगद पाळण्यात ठेवावं आणि खांद्यावर त्याच्या डोक्याचा ओला गरम ठसा तेवढा उरावा, तसं. आता कोणी मागे घे म्हणणार नाही. कोर्टानंच काढून घेतली. मी काय करणार. मी घास इनियाच्या तोंडात घातला, तिनं तो गालात धरला.

फोन पुन्हा वाजला. “अगं वेडे, तुझी म्हणजे तुझ्यावरची. कोहळ्याची. तुझी आहे तशीच आहे, एग्मोरच्या कोर्टात. तीच तर चालवायची आता.”

“हो का,” मी म्हणाले.

“हो का काय? जजसाहेबांनी काय लिहिलंय माहितीये? सूडापोटी केलेली तक्रार, न्यायप्रक्रियेचा गैरवापर. असले शब्द रोज नाही मिळत कुणाला. आणि तू हो का म्हणतेस. जेवली नाहीस का?”

“भरवतेय.”

“मग भरव. आणि म्हैसूरपाक तुपातला आण, तो दगडासारखा नको. माझा एक दात हलतोय.”

फोन ठेवला तेव्हा मघाचं हलकेपण गेलेलं होतं. म्हणजे मी सुटले, हे कळल्यावर मी जड झाले. असं कसं होतं, ते मला कळेना. अटकेची भीती, जामिनाची अट म्हणून रोज सकाळी पोलीस ठाण्यात जाऊन सही करणं, तिथल्या बाकावर इनियाला मांडीत घेऊन बसणं, हवालदारणीनं तिचा गाल ओढून “आईबरोबर ड्यूटीवर आलीस होय गं” म्हणणं, हे सगळं संपलं होतं. संपलं होतं ना? मी उठून हात धुतले. इनियानं गालातला घास जमिनीवर काढून ठेवला, आणि त्याच्याकडे बोट दाखवून म्हणाली, “नको.”

आमच्या गल्लीत लॉरी येते त्या दिवशी माणसांच्या आधी घागरी उभ्या असतात. निळ्या, पोपटी, केशरी, प्लास्टिकच्या, मानेला चिंध्या बांधलेल्या. घागर म्हणजे माणूस. घागर रांगेत असली की बाई घरात जाऊन डोसे घालते, मूल निजवते, सासूशी भांडून येते, तिची जागा कोणी हलवत नाही. लग्न होऊन पेरंबूरच्या या गल्लीत आले तेव्हा अत्तैनं, म्हणजे माझ्या सासूनं, आधी मला हेच शिकवलं. दुसऱ्याच्या घागरीला हात लावायचा नाही, पायानं तर नाहीच. लॉरीचा पाइप धरायला दुरैपांडीला कोणी नेमलेलं नव्हतं. पाइप जड असतो, उसळतो, एखाद्या पुरुषानं धरला तर बरं, म्हणून तो धरायला लागला, आणि मग पाइप धरणारा म्हणेल तसं पाणी. त्याच्या भावबंदांची पिंपं आधी भरायची. मी एकदा विचारलं होतं, अण्णा, पिंपाला रांग नाही का. तो हसला होता. पुढच्या वेळी माझ्या दोन्ही केशरी घागरी रांगेच्या शेवटी होत्या. मी त्या उचलून पहिल्या जागी आणून ठेवल्या. त्यानं एक लाथेनं उडवली. इनिया माझ्या कडेवर होती, दात यायचे दिवस, माझ्या खांद्याचं कापड चघळत होती. मी मोकळ्या हातानं पाइप धरला. का धरला? पाणी घ्यायला, की त्याच्या हातातून काढून घ्यायला? तेनमोळी मॅडम म्हणतात हा प्रश्न कोणी विचारला तर उत्तर पाणी घ्यायला. त्यानं माझा हात पाइपवरून सोडवला नाही, पिरगाळला. भेंडी कोवळी आहे का बघायला तिचं टोक मोडतो तसा आवाज आला. तो कानांनी ऐकला की हाडांनी, कोण जाणे. पाइप निसटला, पाणी आमच्या सगळ्यांवर उडालं, आणि कडेवरची इनिया खुदकन हसली. तिला ते पाणी फार आवडलं. हात मोडण्याची आठवण आली की आधी तिचं ते हसणं ऐकू येतं, आणि मग मला चेहरा कसा करावा ते कळत नाही.

फिर्याद नोंदली गेली. त्याला ठाण्यात नेलं, जामिनावर सोडलं. गल्लीतले लोक म्हणाले, झालं ना मनासारखं. मग काही आठवड्यांनी तो दुसऱ्या एका मॅजिस्ट्रेटपुढे गेला आणि पोलीस माझ्या दारात आले. त्याच्या फिर्यादीची नक्कल मी इतक्यांदा वाचली की ती मला अंगाईसारखी पाठ झाली आहे. ‘अमावास्येच्या संध्याकाळी आरोपी हिने केस मोकळे सोडून, तोंडाने काहीतरी पुटपुटत, कोहळा दोन्ही हातांनी डोक्याच्या वर उचलला व जीवे मारण्याच्या हेतूने माझ्या आईच्या पायांसमोर आपटला. त्यावरून घसरून आई पडली व तिच्या खुब्याचे हाड मोडले.’ त्याची आई पेच्चियम्मा. गल्लीतली सगळी मुलं तिला पेच्चीपाट्टी, म्हणजे पेच्ची आजी, म्हणतात, कारण सगळ्यांना पहिली आंघोळ तिनं घातलेली. इनियालाही तिनंच घातली, पाय लांब सोडून, पायांवर बाळ पालथं टाकून, तळव्यानं पाठ चोळत, तोंडानं तिच्या नाकाला, कपाळाला, बापाच्या कानांना नावं ठेवत. तिचं खुब्याचं हाड मोडलं होतं हे खरं. पण ती स्वतःच्या न्हाणीत पडली होती, अमावास्येच्या बऱ्याच आधी, आणि त्या अमावास्येला ती इस्पितळात होती. अत्तै तर गुपचूप डब्यातून तिच्यासाठी मिरीचं सार घेऊन गेली होती. “भांडण तुझं नि त्याचं,” मला म्हणाली होती, “म्हातारीच्या पोटाशी काय भांडण.” हे गल्लीला माहीत होतं, इस्पितळाच्या कागदांवर होतं. तरी फिर्याद झाली, आणि मी आरोपी झाले. तेनमोळी मॅडम म्हणाल्या, यात नवल काय, तुझ्या हातात एक दोरी आहे, त्यानं दुसरी तयार केली, आता तो म्हणणार दोघं मिळून सोडूया. आणि तसंच झालं. त्याचा मेहुणा येऊन अंगणात बसला, कॉफी प्याला, म्हणाला, “ताई, तू तुझी मागे घे, अण्णा त्याची मागे घेतो. बरोबरी झाली.” माझा हात प्लास्टरमधून नुकता निघाला होता, वाळलेल्या पडवळासारखा. मला कळेना, कशाची बरोबरी.

हायकोर्टात सुनावणी झाली त्या दिवशी मी मागच्या बाकावर होते. तेनमोळी मॅडमनी इस्पितळाचे कागद वाचले, तारखा दाखवल्या. जजसाहेब मान हलवत होते. तेवढ्यानं झालं असतं. पण मॅडमना रंग भरल्याशिवाय राहवत नाही. त्या म्हणाल्या, “शिवाय साहेब, फिर्याद रचणाऱ्याला घरातला रिवाज तरी ठाऊक असावा. आपल्याकडे बायका कोहळा फोडत नाहीत. सांबारासाठी आणलेल्या अख्ख्या कोहळ्याला पहिली सुरीसुद्धा पुरुषानं लावायची, मग बाईनं चिरायचा. आणि ही म्हणे भर रस्त्यात फोडत होती, तेही हात प्लास्टरमध्ये असताना.” जजसाहेब हसले. म्हणाले, माझी आई अजून कोहळा आणते आणि मी कोर्टातून येईपर्यंत तो तसाच ठेवते, मी नसलो तर वॉचमनला हाक मारते. सगळे हसले. कारकून हसला. दुरैपांडीचा वकीलही कपाळाला हात लावून हसला, जणू हे आधी आपल्या ध्यानात आलं असतं तर बरं झालं असतं. मीही ओठ हलवले. मग दाराशी उभ्या असलेल्या दुरैपांडीकडे माझी नजर गेली. तो हसत नव्हता. तो माझ्याकडे बघत होता, आणि त्या बघण्यात राग नव्हता. गोंधळ होता, माझ्यासारखाच. कारण कोहळा मी फोडला होता. त्याच्या आईच्या पायांसमोर नाही, आई तिथे नव्हतीच. पण फोडला मीच, आणि त्यानं ते आपल्या घराच्या गॅलरीतून पाहिलं होतं. त्या अख्ख्या दालनात खरं माहीत असलेली माणसं दोन, आणि ती एकमेकांच्या विरुद्ध उभी. त्याच्या सगळ्या खोट्यात तेवढी एक गोष्ट खरी होती, आणि सगळे नेमके तिलाच हसत होते.

मी लपवलं नव्हतं. सुनावणीच्या आधी कँटीनमध्येच मी मॅडमना म्हणाले होते, “मॅडम, कोहळा मीच फोडला.”

“फोडला असशील. म्हातारीच्या पायांसमोर फोडलास?”

“नाही. त्या इस्पितळात होत्या. पण…”

“मग ‘पण’ इथेच ठेव. वड्याबरोबर खा.”

आणि नंतर, हसून बाहेर पडल्यावर, मी काही विचारायच्या आत त्याच म्हणाल्या, “मी काय म्हटलं ऐकलंस ना? कयलनं फोडला नाही असं मी म्हटलं का? मी रिवाज सांगितला. रिवाज खोटा आहे?” रिवाज खोटा नव्हता. तो मला कळायला लागल्यापासून माहीत आहे. बाईनं कोहळा फोडला तर घरातलं कूस-कुळ फुटतं म्हणतात, गरोदर बाईनं तर तो फुटताना बघूही नये. मला सगळं माहीत होतं. मग मी का फोडला, हेच मला सांगायचं होतं, आणि ‘पण’च्या पुढे तेच होतं, पण ते मला तरी कुठे नीट सांगता येतं.

हात मोडल्यापासून दूध आटलं होतं. इनिया पिता पिता तोंड काढून रडायची. अत्तै म्हणाली दृष्ट लागलीय, घराला, बाळाला, दुधाला, सगळ्यालाच. अमावास्या आली तेव्हा तिनं कोहळा आणला, दुकानदाराकडूनच वर भोक पाडून घेतलेला, आणि आत कुंकू आणि नाणं घातलं. फोडायला मुगिलन, म्हणजे इनियाचे बाबा. ते रेल्वेच्या डब्यांच्या कारखान्यात, त्या दिवशी दुपारपाळीवर. अत्तै म्हणाली शेजारच्या कुणाला हाक मारू. मी म्हणाले, द्या इकडे. ती म्हणाली, अगं. पण तिनं दिला. दिवे लागायची वेळ होती, कोपऱ्यावरच्या देवळातली घंटा वाजत होती की थांबली होती. मी दारावरून ओवाळला. डावा हात प्लास्टरमध्ये, म्हणून कोहळा उजव्या हाताच्या तळव्यावर आणि प्लास्टरच्या कडेवर पेलला होता, बाळाला पेलतात तसा, आणि तो बाळाएवढाच जड होता, थंड, बाहेरून पांढरी राख लागलेला. मग मी तो रस्त्यात टाकला. आमच्या दारासमोर रस्ता, रस्त्यापलीकडे त्याचं दार. इथपर्यंत मला आठवतं. पुढे दोन आठवणी आहेत. एकीत मी तो हातातून सोडते, तो पडतो, फुटतो, अत्तै लगेच फोडी झाडूनं कडेला लोटते, कुणाची सायकल घसरू नये म्हणून. दुसरीत मी केस मोकळे सोडलेली आहे, तोंडानं काहीतरी पुटपुटतेय, कोहळा डोक्याच्या वर नेऊन त्याच्या दाराकडे बघून आपटतेय, आणि तो फुटतो तेव्हा मला इतकं बरं वाटतं की पुढच्या क्षणी दूध उतरून पोलकं ओलं होतं. ही दुसरी आठवण फिर्यादीची आहे. मला माहीत आहे की ती फिर्यादीची आहे. पण दूध उतरल्याचं फिर्यादीत नाही. ते तर खरंच झालं होतं, त्या रात्री इनिया पोटभर प्याली होती. मग ते कुठल्या आठवणीतलं?

“अत्तै, त्या दिवशी माझे केस मोकळे होते का?” मी निकालाच्या संध्याकाळी विचारलं. ती ताटात तांदूळ निवडत होती.

“एका हातानं वेणी घालता येत होती का तुला? मीच घालायची रोज.”

“मग त्या दिवशी घातली होती?”

“घातलीच असेल. मोकळ्या केसांनी मी तुला दारात जाऊ दिलं असतं का, अमावास्येला? काय विचारतेस उगाच. सुटलीस ना? आता देवळात नारळ दे, आणि तो मुगिलनकडून फोड.” मग तिनं खडा बाजूला टाकला आणि म्हणाली, “आणि त्या घरी पण थोडा म्हैसूरपाक पाठव. म्हातारीला आवडतो.”

मुगिलन घरी आले ते हसतच. पेपरात आलंय का बघ म्हणाले, आता तुझ्या नावानं निकाल निघाला, वकील लोक वाचतील, भोपळ्यावाली कयल म्हणून. मी म्हणाले, कोहळा. ते म्हणाले, तेच ते. मग इनियाला खांद्यावर घेऊन तिचे पाय धरून तिला उलटं लोंबकळवलं, ती किंचाळून हसली, आणि हसण्याच्या मधेच ते म्हणाले, “आता तुझीही मागे घेऊया का गं?”

“का?”

“सुटलो ना आपण. आता त्याच्यावर मेहेरबानी केल्यासारखं होईल. मोठेपणा आपला. परत पाणी भरायचंय, कयल. त्याच गल्लीत.”

“तुम्हाला काय वाटतं, मी त्याच्यावर फिर्याद का केली?”

“हात मोडला म्हणून.”

“हात मोडला म्हणून, की मला राग आला म्हणून?”

त्यांनी इनियाला सरळ केलं. “दोन्हीत फरक काय?” ते म्हणाले, आणि खरंच विचारत होते. निकालात लिहिलं आहे, सूडापोटी केलेली तक्रार. त्यानं माझ्यावर केली ती सूडाची. मग माझी कशाची? मी इस्पितळातून सरळ ठाण्यात गेले तेव्हा हात दुखत होता म्हणून नाही गेले, हाताला इंजेक्शन दिलेलं होतं. मी गेले कारण माझ्या घागरीला त्याचा पाय लागला होता. फौजदारानं विचारलं, काय झालं, तेव्हा माझ्या तोंडून पहिल्यांदा घागरच निघाली, मनगट नंतर. तो म्हणाला, घागरीचं सोडा बाई, हाताचं सांगा. मग मी हाताचं सांगितलं. आणि तेव्हापासून मी हाताचंच सांगत आले. जजसाहेब त्याच्या मनात शिरून बघू शकले की तिथे सूड आहे. ते माझ्याही मनात शिरले असते तर त्यांना काय दिसलं असतं? अंथरुणात इनिया माझ्या उजव्या बाजूला असते. डाव्या मनगटावर डोकं ठेवलं की मला कळ येते, म्हणून ती आपोआप उजवीकडे सरकायला शिकली. आता झोपेतही ती कधी डावीकडे येत नाही. तिला हे कुणी सांगितलं नाही. मी तिचे केस हुंगत पडून राहिले. दहीभाताचा वास येत होता.

म्हैसूरपाक मीच घेऊन गेले, दुरैपांडी बाहेर गेलेला बघून. पेच्चीपाट्टी खिडकीशी खाटेवर, काठी बाजूला. मला बघून तिनं आधी इनियाला जवळ ओढलं, तिच्या मांड्या चिमटीत धरून बघितल्या. “वाळलीये. काय घालतेस खायला? कोर्टाचे कागद?” मग स्वतःच हसली, आणि हसताना खुब्याला कळ आली म्हणून डोळे मिटले. “मला कुणी विचारलंच नाही गं कण्णू, माझ्या पोरी,” ती म्हणाली. “इस्पितळात त्यानं कागद आणला, म्हणाला औषधाचा आहे, अंगठा दे. मी दिला. पोराला अंगठा नाही दिला तर कुणाला देणार.”

“माहितीये, पाट्टी.”

“तुझी कोर्टानं मिटवली ना? मुगिलननं सांगितलं कोपऱ्यावर.”

“माझ्यावरची.”

“मग आता त्याच्यावरची तू मिटव.” तिनं माझा डावा हात हातात घेतला, मनगट अंगठ्यानं दाबून बघितलं, जिथे हाड जरा वर राहिलंय तिथे, आणि तिथेच थांबली. “वाकडं बसवलंय मेल्यांनी. मी तेलानं चोळून दिलं असतं, पण तेव्हा मीच पडलेली.” आणि चोळायला लागली, कोरडंच, बोलता बोलता. “तो वाईट आहे, मला माहितीये. मी त्याला जन्म दिलाय, मला नाही का माहीत. पण त्याला सजा झाली तर पाणी कोण भरणार माझं? सून तर गेली माहेरी त्याला कंटाळून. तू भरणार?” मला हो म्हणावंसं वाटलं. मला हात काढून घ्यावासा वाटला. कळ येत होती आणि बरंही वाटत होतं. ज्या हातांनी माझ्या मुलीला पहिल्यांदा धुतलं, ते हात त्या हाताला चोळत होते जो पाट्टीच्या मुलानं मोडला, आणि मागत होते. मी म्हणाले, “बघते.” तिनं म्हैसूरपाकाचा तुकडा इनियाच्या तोंडात घातला आणि दुसरा स्वतःच्या. “तुपातला आहे,” म्हणाली.

एग्मोरच्या कोर्टाचं समन्स आलं तेव्हा मला काहीच ठरवता आलेलं नव्हतं. जाताना बसमध्येही नाही. सरकारी वकिलानं बाहेर सांगितलं, “थोडक्यात सांगायचं. पाणी घ्यायला गेले, त्यानं हात पिरगाळला, हाड मोडलं. बास.” मुगिलन इनियाला घेऊन व्हरांड्यात फेऱ्या मारत राहिले. दुरैपांडी पलीकडच्या भिंतीशी, पांढरी लुंगी, कपाळाला भस्म. त्याचा मेहुणा एकदा जवळ येऊन हळूच म्हणाला, “ताई, अजून वेळ आहे. नीट आठवत नाही एवढंच म्हण. बास होतं.” आणि मला धक्का बसला, कारण ते खरं होतं. मला नीट आठवत नाही. तेवढं म्हटलं की सगळं संपणार होतं, आणि मी खोटंही बोलले नसते.

साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहिले. मॅजिस्ट्रेट बाई होत्या, माझ्यापेक्षा थोड्या मोठ्या, चष्मा, मानेला रुमाल. त्या मी सांगेन ते ऐकायच्या आणि आपल्या वाक्यांत फिरवून शेजारच्या टंकलेखिकेला सांगायच्या. मी हाताचं सांगितलं. सांगताना आवाज माझा वाटत नव्हता, पण सांगितलं. इनियाच्या हसण्याचंही सांगून गेले. मॅजिस्ट्रेटबाईंनी वर बघितलं, आणि ते टंकायला सांगितलं नाही. मग दुरैपांडीचा वकील उठला. तो रागावलेला नव्हता, समजूत घालत असल्यासारखा बोलायचा.

“तुमचा आणि आरोपीचा पाण्याच्या रांगेवरून आधीपासून वाद होता, बरोबर?”

“हो.”

“त्यानं तुमची घागर उडवली, तुम्हाला राग आला.”

सरकारी वकिलानं माझ्याकडे बघून बारीक मान हलवली, नाही म्हण अशी.

“हो,” मी म्हणाले. “फार.”

“आणि त्या रागातच तुम्ही फिर्याद केली.”

“हो.”

एवढं सोपं जाईल असं त्याला वाटलं नसावं. भिंतीशी दुरैपांडीनं मान वर केली. मॅजिस्ट्रेट बाई टंकलेखिकेकडे वळून म्हणाल्या, “साक्षीदार म्हणते, आरोपीनं हात पिरगाळला व त्यामुळे मनगटाचं हाड मोडलं.” मग मला म्हणाल्या, “एवढं पुरे. रागाचं लिहायची गरज नाही, त्यानं तुमचंच नुकसान होईल. बरोबर आहे ना एवढं?”

सगळे माझी वाट बघत होते. बाहेर व्हरांड्यात इनिया काहीतरी मागून रडायला लागली होती, आणि मुगिलन तिला हळू आवाजात समजावत होते. हायकोर्टात सगळे हसले तेव्हा मी ओठ हलवले होते. ते सोयीचं होतं, आणि मी सुटले होते.

“रागाचं पण लिहा, अम्मा,” मी म्हणाले.

“कशाला?”

“राग होता म्हणून हात मोडला नाही, असं होत नाही. हात मोडला म्हणून राग नव्हता, असंही नाही. दोन्ही आहे. एकच लिहिलं तर ते माझं नाही.”

त्यांनी चष्मा काढला, रुमालानं मान पुसली. सरकारी वकिलानं फाइल मिटली. दुरैपांडीच्या वकिलाच्या चेहऱ्यावर हसू होतं, आणि ते पुढे कशाचं हसू ठरेल हे मला तेव्हाही कळत नव्हतं, आताही नाही.

“लिहा,” त्या टंकलेखिकेला म्हणाल्या. ती लिहायला लागली. मी आवाज ऐकत होते. ती थांबल्यावर मॅजिस्ट्रेट बाईंनी वाचून दाखवलं, आणि ते माझंच वाक्य होतं, फार न फिरवलेलं. मी सही करायला हात पुढे केला.